झिऱ्याची पोथी

लातूर जिल्हा झाला त्या दिवशी मी लातुरात होतो, आणि माझी बायको गेल्याचं मला तिथंच कळलं.

आमच्या गावातून ट्रक गेला होता. सरपंच किशनरावांनी ठरवला होता. आमचं गाव देवणीच्या पुढं, मांजरा नदीच्या अलीकडं. तोवर आम्ही उस्मानाबाद जिल्ह्यात होतो. कचेरीचं काम निघालं की जायला एक दिवस आणि यायला एक दिवस. आता लातूर जवळ पडणार म्हणून माणसं खूश होती. पाऊस नव्हता. श्रावण संपत आला होता आणि पेरलेलं उगवून करपलं होतं. तरी माणसं ट्रकात उभी राहून घोषणा देत गेली. मीही गेलो.

मैदानावर भाषणं चालू होती तेव्हा शरणप्पा मला हुडकत आला. शरणप्पा माझा शेजारी, लहानपणापासूनचा. तो सकाळी ट्रकावर नव्हता.

"तू कसा आलास?" मी विचारलं.

"यष्टीनं." मग म्हणाला, "चल, च्या पिऊ."

आडत बाजाराच्या कोपऱ्यावर आम्ही चहा घेतला. त्यानं माझा चहा बशीत ओतून दिला. असं तो कधी करत नाही. पिऊन झाल्यावर म्हणाला, "वैनी हिरीत पडली."

मी म्हणालो, "हिरीत पाणी कुठं हाय?"

"न्हाई," तो म्हणाला. "म्हणूनच."

मग आम्ही एसटी स्टँडवर गेलो. उदगीरची गाडी लागलेली होती. जागा मिळाली.

गुणाबाई विहिरीत कशाला उतरली, हे गावात कुणाला सांगावं लागलं नाही. ती शाईसाठी पाणी आणायला उतरली होती. बाहेरच्या माणसाला मात्र ते सांगावं लागेल.

आमच्या घरात एक पोथी आहे. झिऱ्याची पोथी म्हणतात. दोन लाकडी फळ्यांमध्ये सुटी पानं, वरून फडकं. अक्षरं बाळबोध नाहीत, मोडी नाहीत, कानडी नाहीत. शरणप्पा निजामाच्या वेळी उर्दू शाळेत होता, त्यानं ती उजवीकडून पाहिली, डावीकडून पाहिली आणि ठेवून दिली. ती कुणालाच वाचता येत नाही. आमच्या गावाच्या जमिनीखालून पाणी कसं चालतं, ते त्यात लिहिलंय असं गाव म्हणतं. एकेक अक्षर म्हणजे एकेक झिरा.

ही पोथी वाचायची नसते, उतरवायची असते. दर श्रावणात एक पान. नवं पान पुरं झालं की पोळ्याला जुनं पान गावच्या विहिरीत सोडायचं. ते पाण्यात विरून जातं. पोथी शेवटपर्यंत उतरवून झाली की पुन्हा पहिल्या पानापासून. शाई घरी करायची, काजळी आणि बाभळीचा डिंक घोटून, आणि तिला पाणी गावच्या विहिरीचंच लागतं. त्या दिवशी घरात टँकरच्या पाण्याची घागर भरलेली होती. पण ते पाणी गावाचं नव्हतं. विहिरीच्या तळाला एका कपारीत वाटीभर पाणी पाझरायचं. तेवढ्यासाठी ती उतरली. पायाखालचा दगड सुटला.

लिहिणाऱ्यानं जुनं पान पाहायचं नाही, असा नियम आहे. ते घरची सून हातात धरते आणि मोठ्यानं सांगते, आणि पुरुष पाठ करून बसून ऐकत लिहितो. सांगायचे शब्द ठरलेले आहेत. उतर. चढ. वळ. आड जा. थांब. ठिपका असला तर टाक. मी अशी पानं जन्मभर लिहिली, पण मूळ अक्षर कसं दिसतं ते मी पाहिलेलं नाही.

एरवी गुणाबाई मला अहो-जाहो करायची. श्रावणात पान चालू असलं की अरे-तुरे. पोथीला मान द्यायचा, लिहिणाऱ्याला नाही, असा रिवाज. आळीतल्या बाया मुद्दाम अंगणात येऊन ऐकायच्या.

"वळ. वळ की. अरे, वळ म्हनलं, हुंदडाय नव्हं."

"बोरू अडकला," मी म्हणायचो.

"बोरू न्हाई अडकला. तुझं ध्यान भाकरीत अडकलंय. चढ."

बाया हसायच्या. शरणप्पा कुडापलीकडून ओरडायचा, "वैनी, आमच्या घरात बारा महिने श्रावणच हाय बघा!"

आणखी एक रिवाज सांगितला पाहिजे. एक अक्षर एकाच सांगणारीनं पुरं करायचं. सांगणारीला पाळी सोडायची असली की ती एक अक्षर अर्धं सोडते आणि ते दुसरी पुरं करते. मग पहिलीची पाळी संपली. माझी आई धोंडाबाई, तिचे दात गेल्यावर तिनं असंच केलं. 'वळ' म्हणाली आणि गप्प झाली. पान गुणाबाईच्या हातात देऊन म्हणाली, "आता तू." त्यानंतर आई आणखी पुष्कळ जगली, पण पोथीजवळ कधी बसली नाही.

लातूरला निघायच्या सकाळी आम्ही थोडं लिहायला बसलो होतो. गुणाबाई म्हणाली, "उतर." मी उतरलो. म्हणाली, "वळ." वळता वळता बोरू कोरडा पडला. दौतीत काही नव्हतं. ती म्हणाली, "ऱ्हाऊ दे. शाई घोटून ठेवते. तुम्ही लातूर बघून या." एका बोलण्यात अरे आणि अहो दोन्ही आलं, म्हणून ती हसली. मग ट्रकाचा भोंगा वाजला.

दिवस घातले. माझी लेक महानंदा किनवटहून आली होती. तिचा नवरा तिकडं रेल्वेत आहे. ती रडली, स्वयंपाक केला, माझी धोतरं धुतली आणि परत गेली. मी रडलो नाही. लोक माझ्याकडं पाहायचे. मी जेवायचो. बैलांना पेंड घालायचो. पोळ्याला बैल रंगवले नाहीत, पण ते सुतक होतं म्हणून.

पोथीचा चौरंग तसाच होता. एक दिवस मी वरचं फडकं काढलं. नवं पान अर्ध्याच्या थोडं पुढं भरलं होतं. शेवटचं अक्षर खाली उतरून वळलं होतं आणि तिथंच थांबलं होतं. ते ओलं होतं.

मी बोट लावलं. बोट काळं झालं. बोट धोतराला पुसलं आणि शरणप्पाला हाक मारली.

त्यानं वाकून पाहिलं, मग त्यानंही बोट लावलं. "नीरू हाय रं," तो म्हणाला. घाबरला की तो कानडीत जातो; नीरू म्हणजे पाणी. "लिहून किती दिस झाले?"

"ती गेली त्या दिवशी सकाळी."

"आन् बाकीचं?"

बाकीचं सगळं खडखडीत होतं. त्या एका अक्षरावर आम्ही बोटं लावली होती तरी ते पुसलं गेलं नव्हतं. शरणप्पानं फडकं पुन्हा घातलं आणि म्हणाला, "कुणाला सांगू नगो." पण त्याच्या बोटाला शाई होती. संध्याकाळपर्यंत गावात झालं.

माणसं पाहायला येऊ लागली. बाया दारात चपला काढून यायच्या, वाकून पाहायच्या. पावसाचं पाणी तिथं अडकलंय असं कुणी म्हणालं. मग सगळेच म्हणू लागले. टँकर दोन दिवसांआड यायचा आणि त्याच्याभोवती भांडणं व्हायची. भांडणात माझं नाव यायचं. मी घागर घेऊन उभा असताना एक बाई दुसरीला म्हणाली, "ह्याच्या घरात वल्लं हाय आन् आमच्या घशात धूळ." मी घागर भरून घेतली.

किशनराव दोन माणसं घेऊन आले. चांगल्या शब्दांत बोलले. "व्यंकट, तुझं दुःख समद्या गावाला हाय. पर पान पुरं व्हाया पायजे. गुणाबाईनं अक्षर अर्धं सोडलं म्हंजे पाळी सोडली. रिवाज तुला म्या काय सांगू?"

"तिनं सोडली न्हाई," मी म्हणालो. "शाई सरली होती."

"सोडली काय, सुटली काय. दसऱ्यापतुर बघ. न्हाईतर पोथी आमच्या घरी नेतो. आमच्यात सुना हायत."

"बरं," मी म्हणालो.

पोथी जाईल याचं मला काही वाटलं नाही. पण कुणीतरी ते अक्षर पुरं करील, हे मला नको होतं. का नको, ते मी तेव्हा बोलून दाखवलं नाही. आता सांगतो. ते पुरं झालं की तिची पाळी संपली. विहिरीत पडून ती मेली, दहाव्याला कावळा शिवला, हे सगळं झालं होतं. पण पाळी अजून तिचीच होती.

तरी गावाचं ऐकायला लागतं. आधी पाटीवर लिहून पाहायचं ठरलं. शाळेतली पाटी आणली. पहिल्यांदा किशनरावांची थोरली सून आली. ती बरी सांगत होती, स्वच्छ आवाजात. मी लिहिलं. शरणप्पानं पाटी आणि जुनं पान शेजारी धरलं, मला दिसणार नाही असं, आणि म्हणाला, "हे अक्षर न्हाई. ही गोम हाय."

मग किशनराव स्वतःच बसले. त्यांना सवय सभेत बोलायची.

"उतर! उतर! थांब! आता वळ! आरं कुठं निघालास? वळ म्हनलं तर बिदरला चाललास की!"

"मालक, बैल हाकताय काय?" दारातून कुणीतरी म्हणालं. माणसं हसली. किशनरावही हसले. मीही थोडा हसलो असेन.

हात चालत नव्हता. गुणाबाईच्या दोन शब्दांमध्ये जेवढा दम असायचा तेवढी रेघ मी ओढायचो. तिचा दम मला माहीत होता. दुसऱ्याचा दम लांब नाहीतर आखूड. किशनराव एकदा रागानं म्हणाले, "नियम गेला चुलीत, डोळ्यांनी बघून काढ." मी नको म्हणालो. त्यांना वाटलं मी नियमाला भितो. तसं नव्हतं. पाहिलं असतं तर पुढं कुठं जायचं ते मला कळलं असतं.

मग लग्नाची गोष्ट निघाली. टँकरपाशी निघाली, पारावर पिकली आणि किशनराव घेऊन आले. "निलंग्याकडं एक हाय. नवऱ्यानं टाकलेली. आवाज चांगला हाय म्हनत्यात. हिकडं पान बी हुईल, तुला भाकरी बी मिळंल."

"बघा," मी म्हणालो.

शरणप्पा उठला. "किशनराव, बाई आनताय का भोंगा?"

"म्या गावासाठी बोलतोय, शरणप्पा."

"मग गावासाठी तुमीच करा की लगीन. तुमचा आवाज लई चांगला हाय."

ते प्रकरण तिथंच थांबलं. त्या रात्री शरणप्पानं मला विचारलं, "बघा कसं काय म्हनलास रं?" मी म्हणालो, माहीत नाही. खरंच माहीत नव्हतं. तेव्हा कुणी काही म्हटलं की मी बरं म्हणायचो, नाहीतर बघा म्हणायचो.

महानंदाला त्यानंच निरोप धाडला. दसऱ्याच्या आधी ती आली, किनवटहून आगगाडीनं नांदेड, तिथून एसटी. आल्या आल्या तिनं घर झाडलं. मग हातपाय धुऊन चौरंगाजवळ बसली.

"मला येतंय अप्पा," ती म्हणाली.

"लेकीला शिकवत न्हाईत."

"शिकवलं कुठं? लगीन होईस्तोवर दर साली ऐकलंय. तुमी माझ्याकडं तोंड करून लिवायचे. आई काय सांगते आन् तुमचा हात कुठं जातो, दोन्ही दिसायचं मला."

पोथी परक्या घरी जाऊ नये म्हणून लेकीला सांगायला बसवत नाहीत. पण कुणी हरकत घ्यायला समोर नव्हतं. मी पाठ करून बसलो, पाटी मांडीवर घेतली. तिनं पोथीतलं एक जुनं पान काढलं. सुरुवातीला अडखळली. बापाला 'वळ' म्हणायचं तिच्या तोंडी येईना. मग एकदा म्हणाली आणि पुढं म्हणत गेली. आवाज तिच्या आईचा नव्हता. दम मात्र आईचाच होता. माझा हात चालला. शरणप्पानं पाटी पाहिली आणि मान डोलावली.

दुसऱ्या दिवशी आम्ही पान लिहायला बसलो. शाई महानंदानं घोटली होती. पाणी शरणप्पानं कमरेला दोर बांधून विहिरीतून आणलं होतं. ते त्यानं मला आधी सांगितलं नाही.

तिनं उतरवायचं पान हातात घेतलं. "हे अर्धं हाय त्याच्यापासून घेऊ?"

मी त्या ओल्या अक्षराकडं पाहिलं. उतरलेलं, वळलेलं.

"पुढच्यापासून सांग," मी म्हणालो.

"अप्पा, असं चालतंय का?"

"सांग."

आईची पाळी म्हणजे काय, तिलाही कळत होतं. मग म्हणाली, "चढ." मी पुढच्या जागेवर बोरू टेकवला आणि चढलो.

त्या दिवशी आणि दुसऱ्या दिवशी दुपारपर्यंत आम्ही लिहिलं. पान खालपर्यंत भरलं. शाई लिहिता लिहिता वाळत होती, नेहमीसारखी. मधलं ते एक अक्षर ओलंच होतं.

किशनराव दसऱ्याला सोनं द्यायला आले. पान पाहून खूश झाले. मग त्यांना ते दिसलं. "हे काय? दोन रेघांचं तर काम. काढून टाक."

"न्हाई."

"अरं, त्याच्याबिगर पान पुरं न्हाई. पुरं न्हाई तर जुनं सोडता येत न्हाई. म्हंजे समदं फुकट?"

"हाव."

"पोरी, तू तरी सांग ह्याला."

महानंदा म्हणाली, "मालक, ते आईचं हाय."

"मग म्या पोथी नेतो."

"न्या," मी म्हणालो. "हे पान ठेवून न्या."

पान वेगळं काढून पोथी हलवली, असं आजवर कुणी केलेलं नाही. किशनरावांनी फडक्याला हात लावला आणि काढून घेतला. आपट्याची पानं त्यांच्या हातातच राहिली होती. ती त्यांनी माझ्या हातात दिली, मी त्यांच्या पाया पडलो, ते गेले. मागून गावात बरंच बोललं गेलं. कुणी घराकडं फिरकेना. दोन महिने टँकरवर आमचा नंबर शेवटी लागायचा. शरणप्पाचाही.

मग थंडीत नव्या जिल्ह्याच्या कचेरीतून जीप आली. दोन साहेब शेतातून हिंडले, खुणा करून गेले. मागोमाग बोअरची गाडी आली. शाळेच्या मागं त्यांनी भोक पाडलं आणि पाणी लागलं. पाणी भरपूर होतं, जरा खारट. तिथं हापसा बसवला. बायापोरांची रांग लागली, आणि पाणी आटत नाही म्हटल्यावर काही दिवसांनी रांगही राहिली नाही. टँकर बंद झाला. किशनरावांनी हापशाला नारळ फोडला आणि मला बोलावून खोबऱ्याचा पहिला तुकडा दिला. म्हणाले, "व्यंकट, पोथीचं ऱ्हाऊ दे आता तुझ्याकडंच. झालं गेलं इसरून जा."

"बरं," मी म्हणालो.

त्यानंतर पोथीचं कुणी काढत नाही. मला वाटलं होतं, लोकांनी पाठ सोडली की मला बरं वाटेल. तसं काही झालं नाही. लोक मागत होते तोवर मी 'नाही' म्हणत होतो. आता कुणी मागत नाही, तर नाही तरी कुणाला म्हणायचं. मी आणि शरणप्पा कधी कधी फडकं काढून पाहतो. वैशाखात विहिरीवरची मोट तडकली, दाराच्या फळ्या वाकल्या, पण ते अक्षर तसंच ओलं होतं. शरणप्पा आता बोट लावत नाही.

एकदा तो म्हणाला, "पुरं कर रं. वैनीला बी मोकळी कर."

मी म्हणालो, "ती बांधलेली हाय असं कोण म्हनलं?"

"मग तू तरी मोकळा हो."

मी म्हणालो, बघू.

या श्रावणात महानंदा आली. पुढचं पान घ्यायचं का म्हणून विचारलं. मागचं पुरं झाल्याशिवाय पुढचं घेता येत नाही, हे तिलाही माहीत आहे. तरी तिनं शाई घोटली. मी दाढी केली, धुतलेलं धोतर नेसलो, पाठ करून बसलो. तिनं जुनं पान हातात घेतलं. बराच वेळ आम्ही तसेच होतो. मी सांग म्हणालो नाही. मग तिनं पान ठेवलं आणि भाकरी करायला उठली. जेवताना म्हणाली, "पुढल्या साली येते." मी हो म्हणालो. दौत झाकून ठेवली.

पोळा होऊन गेला. अक्षर अर्धं आहे. वळून पुढं कुठं जायचं ते मी पाहिलेलं नाही. जुनं पान विहिरीत सोडायचं राहिलं आहे.